एक सूत इकडे, एक सूत तिकडे : हातानं पहिला सर्फबोर्ड घडवताना

मालवणला आमचे एक काका होड्या दुरुस्त करायचे. कानामागे पेन्सिल, खिशात दुमडती फूटपट्टी आणि बोलण्यात सतत ‘सूत’. इंचाचे आठ भाग केले की त्यातला एक म्हणजे सूत. फळी चार सूत हवी, दाराला एक सूत फट ठेव, असं त्यांचं दिवसभर चालायचं. मी पुढे नोकरीसाठी ऑस्ट्रेलियात जीलाँगला आलो, जवळच्याच टॉर्कीच्या समुद्रावर सर्फिंग शिकलो आणि एका शनिवारी तिथल्या एका वयस्कर शेपरच्या, म्हणजे सर्फबोर्डाला आकार देणाऱ्याच्या, खोलीत जाऊन उभा राहिलो. ते फोमवर हात फिरवत होते आणि स्वतःशीच म्हणत होते, “इथे अजून एक अष्टमांश जायला हवा.” सगळा देश सेंटिमीटरमध्ये मोजतो, पण सर्फबोर्ड आजही फूट-इंचांतच घडतो. तो अष्टमांश म्हणजे काकांचं सूत. त्या दिवसापासून हे काम मला परकं वाटलं नाही.

हा लेख ज्यांना थोडंफार सुतारकाम येतं, लाटांवर उभं राहता येतं आणि आता स्वतःच्या हातानं एक बोर्ड करून बघायचा आहे, त्यांच्यासाठी. घाई नसेल तर सहा-सात शनिवार-रविवार धरा.

शेपर नेमकं काय करतो

फोमच्या जाडजूड ठोकळ्याला ब्लँक म्हणतात. त्यातून बोर्डाचा आकार काढणारा तो शेपर. त्यावर काचेच्या धाग्यांचं कापड आणि गोठून कडक होणारं रेझिन चढवणारा ग्लासर वेगळा, घासणारा सँडर वेगळा, चकाकी आणणारा आणखी वेगळा. कारखान्यात एकाच बोर्डावरून चार-पाच जणांचे हात फिरतात. घरी करताना ही सगळी माणसं तुम्हीच.

काम फोमपेक्षा फार जुनं आहे. हवाई बेटांवर कोआ, उलू आणि विलिविली या लाकडांचे बोर्ड घडवत. उलू म्हणजे आपल्या कोकणातला नीरफणस. विलिविली आपल्या पांगाऱ्याच्याच कुळातला, तसाच हलका. आपल्याकडे नवं काम काढताना गाऱ्हाणं घालतात, तसं तिथे झाडाशी कुमू नावाचा लाल मासा ठेवून प्रार्थना करत आणि मगच झाड तोडत. मग दगडी हत्यारानं तासायचं, प्रवाळाच्या आणि खरबरीत दगडाच्या तुकड्यांनी घासायचं, शेवटी कुकुईच्या बियांचं तेल मुरवायचं. हा कुकुई म्हणजे जंगली अक्रोड. हे सगळं वाचलं तेव्हा मला आमच्या परसातलीच झाडं डोळ्यांसमोर आली.

विसाव्या शतकात बाल्साचं लाकूड आलं. १९५०च्या दशकाच्या शेवटी कॅलिफोर्नियात होबी आल्टर आणि गॉर्डन क्लार्क यांनी पॉलियुरेथेन फोमचे ब्लँक ओतायला सुरुवात केली आणि बोर्ड हलका, स्वस्त झाला. क्लार्क यांचा कारखाना पुढे इतका मोठा झाला, की ५ डिसेंबर २००५ला त्यांनी तो एका दिवसात बंद केला तेव्हा अमेरिकेतले शेपर उरलेले ब्लँक मिळवायला धावले. त्यानंतर इतर देशांतले ब्लँक आणि थर्माकोलवर इपॉक्सी रेझिन चढवायची पद्धत जोरात वाढली. आजही घरी शिकणाऱ्यापुढे हेच दोन रस्ते आहेत.

पहिला बोर्ड कोणता करावा

माझं स्पष्ट मत आहे : पहिलाच बोर्ड छोटा, टोकदार, तीन फिनचा (फिन म्हणजे बोर्डाच्या बुडाशी उभा बसवलेला पर) करू नका. त्यात पातळ कडा असतात, बॉटमला खोलगटपणा असतो आणि अर्ध्या सुताची चूकही पाण्यात जाणवते. अंड्यासारख्या गोलसर बाह्यरेषेचा, एका फिनचा, ७ फुटी बोर्ड करा. त्याला ‘एग’ म्हणतात. तो चुका पोटात घालतो आणि लाटा लवकर पकडतो.

७०-७५ किलो वजनाच्या माणसासाठी मी ही मापं देतो. लांबी ७ फूट. सर्वांत जास्त रुंदी २१.५ इंच, मध्यापासून इंचभर पुढे. पुढच्या टोकापासून, म्हणजे नोजपासून, १२ इंचांवर रुंदी १६.५ इंच. मागच्या टोकापासून, टेलपासून, १२ इंचांवर १५.२५ इंच. मध्यावर जाडी पावणेतीन इंच, दोन्ही टोकांपासून १२ इंचांवर दीड इंचाच्या आसपास. नोजचा उंचावा सव्वाचार इंच, टेलचा सव्वादोन. एवढ्यात बोर्डाचं आकारमान साधारण ४५ लिटर भरतं. ही मापं भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहून लावा. काम करताना प्रत्येक वेळी तिकडे नजर जायला हवी.

नोज-टेलच्या या उंचाव्याला रॉकर म्हणतात. तो जास्त झाला तर बोर्ड पाणी ढकलत बसतो आणि वेग मरतो. कमी झाला तर उतारावर नोज पाण्यात घुसतं आणि तुम्ही तोंडावर पडता. रॉकरचा मोठा भाग ब्लँकमध्ये ओतलेलाच असतो, म्हणून ब्लँक निवडताना लांबीइतकंच त्याच्या रॉकरकडे बघा. ब्लँक तुमच्या बोर्डापेक्षा तीन-चार इंच लांब हवा. मधोमध लाकडाची उभी पट्टी चिकटवलेली असते. तो स्ट्रिंगर. साधारण एक ते दोन सूत जाड, बोर्डाचा कणाच तो.

खोली आणि उजेड

या भागावर मी जरा रेंगाळणार आहे, कारण नवशिके हत्यारांवर पैसे घालतात आणि उजेडाकडे दुर्लक्ष करतात.

फोम पांढरा. वरून दिवा लावला तर सगळं सपाट, एकसारखं दिसतं. त्यातला उंचवटा डोळ्यांना कळतच नाही. म्हणून शेपिंगच्या खोलीत ट्यूबलाइट छताला नसतात. दोन्ही लांब भिंतींवर, बोर्डाच्या उंचीच्या किंचित वर, आडव्या लावलेल्या असतात. वर फळी टाकून त्यांचा उजेड छताकडे जाऊ देत नाहीत. भिंती गडद निळ्या किंवा हिरव्या. असा उजेड फोमवरून घासत जातो आणि प्रत्येक खड्ड्याला, प्रत्येक धारेला सावली पडते. संध्याकाळच्या तिरक्या उन्हात शेणानं सारवलेल्या अंगणातली बोटांची वळणं उठून दिसतात आणि भर दुपारी दिसत नाहीत, तसंच हे आहे. शेपर रंध्यामागून जी पाहत असतो ती ही सावलीची रेघ असते.

गॅरेज असेल तर चार फुटी दोन-दोन ट्यूब प्रत्येक बाजूला पुरतात. मधे दोन उभे खांब रोवून त्यांवर बोर्ड ठेवायचा घोडा करा. उंची साधारण कमरेच्या थोडी वर, माथ्यावर जुन्या गालिच्याचा किंवा स्पंजचा तुकडा, आणि बोर्ड कडेवर उभा धरण्यासाठी खाच. खांब हलता कामा नयेत. मी सुरुवातीला बादलीत सिमेंट भरून त्यात लाकडी खांब उभे केले होते, ते आजही चालतात.

आणि मास्क. कापडी नाही, बारीक धुळीसाठीचा, चेहऱ्याला घट्ट बसणारा. रेझिनच्या वेळी वाफ शोषणारा कोळशाचा फिल्टर असलेला वेगळा. मला शिकवणाऱ्या शेपरनी तरुणपणी कधी मास्क लावला नाही, तेव्हा कुणीच लावत नसे. आता त्यांना समुद्रावरून पायऱ्या चढून वर येताना तीनदा थांबावं लागतं. मी त्यांच्या खोलीत गेलो त्या दिवशी त्यांनी हातात आधी मास्क दिला, रंधा महिन्याभरानं.

हत्यारं

विजेचा रंधा हे मुख्य हत्यार. जुन्या शेपरांचा जीव ‘स्किल १००’ या रंध्यात अडकलेला असतो. तो आता बनत नाही. चालता चालता कापाची खोली कमी-जास्त करता येते, हे त्याचं वैशिष्ट्य. तुम्हाला कुठलाही चांगला सुतारी इलेक्ट्रिक रंधा चालेल, फक्त पातं नवं हवं. याखेरीज हातकरवत, सरफॉर्म (किसणीसारखी दातेरी तासणी, जुनं नारळ किसायचं पातं आठवा), स्ट्रिंगरसाठी छोटा हातरंधा, ६० आणि ८० नंबरचा पॉलिशपेपर लावलेला सपाट ठोकळा, बारीक घासायला जाळीचा पेपर, जाडी मोजायचा मोठा कॅलिपर, बोर्डाहून लांब सरळ पट्टी, गुण्या आणि मऊ पेन्सिल.

पहिली पायरी : अर्धा साचा

३ मिलिमीटरच्या हार्डबोर्डवर बोर्डाची फक्त अर्धी बाह्यरेषा काढायची. सरळ कड म्हणजे मध्यरेषा. वर दिलेल्या रुंदींच्या निम्म्या मापांवर खिळे टोचा, त्यांच्या बाहेरून लवचिक लाकडी पट्टी वाकवून बसवा आणि पेन्सिल फिरवा. पट्टी स्वतःहून जे वळण घेते तेच बहुधा बरोबर असतं. एखाद्या खिळ्यापाशी ती अवघडलेली दिसली, तर मापाचा हट्ट सोडा आणि खिळा अर्धं सूत हलवा. होडीच्या फळ्या बसवताना काका हेच करायचे.

साचा कापून कड घासून घ्या. मग तो डोळ्यांच्या पातळीला आडवा धरून टोकाकडून बघा. लांबून जो कोपरा दिसत नाही तो असा लगेच दिसतो.

अर्धाच साचा का? तोच उलटून दुसऱ्या बाजूला लावला की दोन्ही बाजू आपोआप सारख्या येतात. पूर्ण साचा करणाऱ्याचे दोन अर्धे कधीच जुळत नाहीत.

दुसरी पायरी : रेषा आणि करवत

ब्लँक बॉटम वर करून घोड्यावर ठेवा. पृष्ठभागावरची कडक, चकचकीत साल रंध्याच्या उथळ फेऱ्यांनी काढा. साल काढताना एक गोष्ट लक्षात ठेवायची : ओतलेल्या पॉलियुरेथेन फोममध्ये सालीजवळचा थर सर्वांत घट्ट असतो, आत जावं तसा तो मऊ होत जातो. उभं राहताना टाचा डेकवर, म्हणजे वरच्या बाजूवर पडतात. त्यामुळे जाडी कमी करायची असेल ती बॉटमकडून करा, डेकचा फोम शक्य तितका राखा. नाहीतर महिन्याभरात डेकवर टाचांचे खड्डे पडतात.

आता स्ट्रिंगरच्या मध्यावर साचा टेकवून दोन्ही बाजूंची रेषा काढा. करवत रेषेच्या एक सूत बाहेरून चालवा. करवत उभी राहिली पाहिजे. माझ्या पहिल्या बोर्डाला ती खालून आत कलली आणि उजवी बाजू तीन सूत आत गेली. डावीकडूनही तीन सूत काढावे लागले आणि साडेएकवीस इंचांचा बोर्ड पावणेएकवीसचा झाला. दर वीतभर अंतरावर थांबून गुण्या लावला असता तर ते झालं नसतं.

उरलेलं सूत सरफॉर्मनं आणि ठोकळ्यानं रेषेपर्यंत आणा. लांब, न थांबता, टोकापासून टोकापर्यंत हात जाऊ द्या. एका जागी उभं राहून घासलं की खड्डा ठरलेला. मधून मधून डोळे मिटून तळहात कडेवरून फिरवा. काकांचं वाक्य होतं, “आदी हात फिरव, मगे रंधो.” सावली जे दाखवत नाही ते तळहाताला लागतं.

तिसरी पायरी : बॉटम

रंधा एका बाजूच्या टेलपासून सुरू करून नोजपर्यंत चालत जायचं, तसंच परत. प्रत्येक फेरी आधीच्या फेरीवर थोडी चढलेली हवी. कापाची खोली अर्ध्या सुतापेक्षा जास्त ठेवू नका. डावीकडे जितक्या फेऱ्या तितक्याच उजवीकडे. मोठ्यानं मोजा. सुरुवातीला हे मोजणंच तुमचा समतोल राखतं.

रॉकर तपासायला सरळ पट्टी बॉटमच्या मध्यावर टेकवून धरा आणि टोकांशी किती फट आहे ते मोजा. दोन मापांमधला वळणाचा ओघ मापांपेक्षा महत्त्वाचा. कुठे सपाट पट्टा, मग अचानक वाक, असं दिसलं तर तिथे पाणी अडखळणार.

एगला बॉटमला खोलगटपणा नको. आडवी पट्टी लावली तर मधे जवळपास सपाट, आणि शेवटच्या फूट-दीड फुटात स्ट्रिंगरपासून दोन्हीकडे किंचित उतार, छपराच्या पाखांसारखा. कडेशी अर्धं ते एक सूत पुरे. यामुळे बोर्ड एका कडेवरून दुसऱ्या कडेवर सहज कलतो.

चौथी पायरी : डेक आणि जाडी

बोर्ड उलटा. डेकची साल उथळ काढा आणि कॅलिपरनं तीन जागी जाडी मोजा. नोज आणि टेलकडे जाडी ओघानं उतरत गेली पाहिजे. नवशिक्यांचे बोर्ड नोजला जाड राहतात, कारण टोकाशी रंधा चालवायची भीती वाटते. तिथे रंधा ठेवून द्या आणि सरफॉर्म घ्या, वेळ लागू द्या.

पाचवी पायरी : रेल

बोर्डाची कड म्हणजे रेल. सगळ्या कामातला हा सर्वांत सुंदर भाग. इथे आलं की मी फोन बंद करतो.

आधी त्यामागचं कारण. गोल काठाच्या पातेल्यातून पाणी ओतलं की ते पातेल्याच्या अंगाला चिकटून ओघळतं. काठ धारदार असला की सुटून सरळ पडतं. बोर्डाचंही तसंच. पुढच्या आणि मधल्या भागात रेल गोलसर हवी, म्हणजे पाणी तिला धरून वर चढतं आणि बोर्ड लाटेच्या भिंतीला चिकटून राहतो. शेवटच्या फूट-दीड फुटात बॉटमची कड धारदार हवी, म्हणजे पाणी तिथे सुटतं आणि वेग मिळतो.

चौकोनी वाशाचा गोल खांब करताना सुतार थेट गोलाई काढत नाही. आधी चौकोनाचा अष्टकोन, मग त्याचे सोळा पैलू, मग गोल. रेल तशीच काढतात. पैलूंच्या या पट्ट्यांना ‘बँड’ म्हणतात.

आधी बोर्ड पुन्हा उलटून बॉटम वर घ्या आणि खालची कड मारा : मधल्या भागात अर्धा इंच आत, अर्धा इंच वर अशा दोन रेषा आखून त्यांच्यामधला कोपरा तासायचा, आणि टेलकडे जाताना तो कमी कमी करत शून्यावर आणायचा. मग बोर्ड उलटून डेक वर. कडेच्या उभ्या भिंतीवर निम्म्याच्या थोडं खाली एक रेषा. डेकवर कडेपासून मध्यावर तीन इंच आत आणि टोकांकडे दोन इंच आत अशी दुसरी रेषा. या दोन रेषा जोडणारा पहिला बँड रंध्यानं काढा. दीड इंचावर रेषा आखून दुसरा, जास्त तिरका बँड. आता दुसरी बाजू, तेवढ्याच फेऱ्यांत.

इथे तिरका उजेड कामाला येतो. दोन बँडमधली धार सावलीनं स्पष्ट दिसते. ती नोजपासून टेलपर्यंत एका संथ वळणात वाहिली पाहिजे. कुठे ती रुंद झाली, कुठे थरथरली, की समजायचं तिथे जास्त किंवा कमी कापलंय. धारा बरोबर आल्या की मगच सरफॉर्मनं त्या मोडा आणि जाळीचा पेपर दोन्ही हातांनी धरून रेलवरून गुंडाळल्यासारखा फिरवा. बुटाला पॉलिश करताना कापड फिरवतात तसा.

दोन्ही रेल जुळतात का? पुठ्ठ्याचा तुकडा एका रेलच्या आकारात कापून दुसरीला लावून बघता येतं. पण मला शिकवणारे शेपर बोर्डाच्या टेलकडे उभे राहतात, दोन्ही हात दोन्ही रेलवर एकाच वेळी ठेवतात आणि डोळे मिटून पुढे सरकतात. थांबले तिथे पेन्सिलीची खूण करतात. सहा महिन्यांनी मलाही ते जमायला लागलं.

सहावी पायरी : स्ट्रिंगर आणि शेवटचा हात

फोम मऊ, स्ट्रिंगर कडक. घासताना फोम खाली जातो आणि लाकूड वर राहतं. त्याला छोट्या हातरंध्यानं फोमच्या पातळीला आणायचं. पातं अगदी बारीक लावा आणि नेहमी उताराकडे रंधा : बॉटम वर असताना मध्याकडून टोकाकडे, डेक वर असताना नोजच्या टोकाकडून मध्याकडे. उलट गेलात तर लाकडाच्या रेषा उपटून निघतात. रंध्याचा कोपरा फोममध्ये रुतणार नाही हे बघा. स्ट्रिंगरशेजारी पडलेली पन्हळ भरून निघत नाही.

शेवटी १२० आणि मग १८०-२२०च्या जाळीनं हलका हात. मोह आवरा. प्रत्येक फेरीत थोडा आकार जातो.

आता स्ट्रिंगरजवळ पेन्सिलीनं मापं लिहा आणि सही करा. काचेच्या थराखाली ती कायम राहते. पेन वापरू नका, रेझिनमध्ये शाई पसरते.

सातवी पायरी : काचेचं कापड आणि रेझिन

शक्य असेल तर पहिला बोर्ड ग्लासिंगसाठी अनुभवी माणसाकडे द्या आणि शेजारी उभं राहून बघा. स्वतः करणार असाल तर पुढचं वाचा.

डोळ्यांवर चष्मा, हातमोजे, वाफेचा मास्क, खेळती हवा. पॉलिएस्टर रेझिन गोठवायला एमईकेपी नावाचा कॅटॅलिस्ट टाकतात. त्याचा थेंब डोळ्यात गेला तर दृष्टी जाऊ शकते. तो आणि कोबाल्टचा ॲक्सिलरेटर (गोठण्याचा वेग वाढवणारं रसायन) थेट एकमेकांत कधीही मिसळू नका, स्फोट होतो. प्रमाण हवामानाप्रमाणे १ ते २ टक्के. टॉर्कीच्या हिवाळ्यात मी एकदा हात आखडता घेतला आणि बोर्ड दोन दिवस चिकट राहिला. गोव्यात किंवा कोकणात एप्रिल-मेमध्ये याच्या उलट अडचण येईल, रेझिन डब्यातच गोठेल. तिथे पहाटे काम करा आणि आधी वाटीभर मिसळून किती मिनिटं मिळतात ते पाहा.

बॉटमला ६ औंसी (चौरस यार्डाला ६ औंस भरणाऱ्या) कापडाचा एक थर. डेकला ६ आणि ४ औंसी असे दोन. आधी बॉटम. कापड पसरून कडेखाली दोनेक इंच लोंबेल एवढं कापा, नोज-टेलपाशी चिरा द्या. सुमारे पाऊण लिटर रेझिन मध्यावर ओतून प्लॅस्टिकच्या पट्टीनं स्ट्रिंगरकडून कडेकडे ओढत न्या. कापड भिजलं की पारदर्शक होतं. पांढरं दिसतंय तिथे हवा किंवा कोरडेपणा आहे. जादा रेझिन ओढून काढा, कारण ताकद कापडात असते, जादा रेझिननं फक्त वजन वाढतं. लोंबती कड रेलखाली वळवून चिकटवा. गोठलं की वळवलेल्या कडेचे काटे घासून सपाट करा, उलटा आणि डेकचंही तसंच, रेझिन सव्वा लिटरच्या आसपास.

त्यावर मेण मिसळलेल्या रेझिनचा भराव थर. ऑस्ट्रेलियात याला ‘फिलर कोट’ म्हणतात, कॅलिफोर्नियात ‘हॉट कोट’. गोठताना मेण वर येतं आणि पृष्ठभाग चिकट राहत नाही. फिन बसवायची पेटी बॉटमला, टेलपासून साधारण ४ इंचांवर, अगदी मध्यरेषेवर, आणि डेकच्या बाजूनं तिच्या मागे पायाला बांधायच्या दोरीचा प्लग. मग ८०पासून वर चढत घासा. कापडाचे धागे दिसू लागले की लगेच थांबा. आठवडाभर सावलीत ठेवल्याशिवाय पाण्यात नेऊ नका.

भारतात राहून करायचा असेल तर

पॉलियुरेथेनचे ब्लँक बाहेरून मागवणं महाग पडतं. थर्माकोलचा ठोकळा मात्र कुठेही मिळतो. पॅकिंगचा हलका नको, घनमीटरला २५-३० किलो घनतेचा मागा. रॉकरचे दोन लाकडी साचे बाजूंना लावून गरम तारेनं कापा, मधे चिरून स्ट्रिंगर चिकटवा, पुढचं शेपिंग तेच. रंध्याच्या धारेखाली त्याचे मणी उपटतात, म्हणून पातं नवं आणि काप आणखी उथळ. एक गोष्ट मात्र अजिबात चुकवू नका : थर्माकोलवर पॉलिएस्टर रेझिन टाकलं की तो डोळ्यांदेखत विरघळतो. त्याला इपॉक्सीच लागतं. फायबरच्या होड्या बांधणाऱ्या किनाऱ्यांवर काचेचं कापड आणि रेझिन मिळतं, पण तिथे वापरतात ती तुटक धाग्यांची चटई घेऊ नका, विणलेलं कापड मागा.

या धंद्यात पडायचं का

मला हा प्रश्न बरेच जण विचारतात. शेपरला बहुधा बोर्डामागे पैसे मिळतात, दिवसभर उभं राहून, धुळीत. दुकानातल्या बहुतेक बोर्डांचा आकार आज संगणकावर आखून यंत्र कापतं आणि माणूस फक्त शेवटचा हात मारतो. यंत्राला मी नावं ठेवणार नाही. चांगला निघालेला बोर्ड तसाच्या तसा पुन्हा करणं हाताला फार अवघड जातं, यंत्राला सोपं. पण संगणकावरची रेषा कुठे चुकलीये हे कळायला आधी काहीशे बोर्ड हाताखालून गेलेले असावे लागतात.

शेपरचं अर्धं काम खोलीबाहेर होतं. गिऱ्हाईक कसा सर्फ करतो हे तो स्वतः सांगू शकत नाही, ते पाण्यात बघावं लागतं. सगळ्यांत मोठे बदल असेच आले. सायमन अँडरसन हा सिडनीचा शेपर स्वतः धिप्पाड सर्फर. त्या काळचे दोन फिनचे बोर्ड त्याच्या वजनाखाली घसरायचे. त्यानं तीन फिनचा ‘थ्रस्टर’ घडवला आणि १९८१मध्ये टॉर्कीजवळच्या बेल्स बीचवर, डोंगराएवढ्या लाटांत, त्यावरच स्पर्धा जिंकली. पेटंट घेतलं नाही. बाजूच्या फिन टेलपासून ११ इंचांवर, कडेपासून एक इंच एक सूत आत, नोजकडे दोन सूत वळलेल्या, मधली साडेतीन इंचांवर : थोड्याफार फरकानं हीच मापं आज जगभरचे शेपर आखतात.

पाण्यात नेल्यावर

पहिल्या दिवशी लहान, मऊ लाटा निवडा. बोर्डाला दोष देण्याआधी दहा वेळा तरी पाण्यात जा. घरी आलं की अंग पुसायच्या आधी वहीत लिहा. वल्हवताना नोज वर राहतं की दबतं, उजवीकडे आणि डावीकडे सारखा वळतो का, वेग आला की थरथरतो का. फिन पेटीत पुढे-मागे सरकते. पुढे नेली की बोर्ड मोकळा वळतो, मागे नेली की सरळ आणि स्थिर धावतो. आकाराला दोष द्यायच्या आधी हे करून बघा.

माझ्या वहीत पहिल्या बोर्डाखाली लिहिलंय : ‘नोज जाड. उजवी रेल पुढे अर्धं सूत भरलेली, हाताला लागते, पाण्यात कळत नाही. वळताना टेल अडतं, फिन इंचभर पुढे घेतली तर बरं.’ दुसऱ्या बोर्डात टेलची रुंदी चार सूत कमी केली, बाकी एकही माप बदललं नाही.